कात्रीने सांगितलेली कथा

ज्या चित्रपटाच्या परिचयार्थ ही प्रस्तावना लिहिली आहे, तो पुरता पाव तासही चालत नाही; त्यात एकही शब्द कानी पडत नाही, एकाही पात्राचे डोळे आपल्याकडे वळत नाहीत, आणि काळ्या कागदातून कातरलेल्या आकृतींखेरीज त्यात दुसरा नटवर्ग नाही. लोटे राइनिगर या जर्मन कलावतीने 1922 साली बर्लिनमध्ये सिद्ध केलेला ‘आशनपुटेल’ हा तो छायापट; आपल्याकडे सिंड्रेलाची म्हणून जी कथा घरोघर ठाऊक आहे, तिचेच हे मूक चित्ररूप. चित्रपटाच्या इतिहासग्रंथांतून त्याची दखल घेतली जाते खरी, परंतु ती बहुधा एखाद्या वाक्यापुरती, आणि तीही याच बाईंनी 1926 मध्ये पुऱ्या केलेल्या राजपुत्र आहमदच्या साहसांवरील दीर्घपटाची पूर्वतयारी म्हणून. मोठ्या वाड्याच्या जोत्याकडे जशी कोणी निरखून पाहत नाही, तशी या लहानशा कृतीची गत झालेली आहे. ही मांडणी मला मान्य नाही. ‘आशनपुटेल’ ही स्वयंपूर्ण कलाकृती असून तिच्यात कथेचा आशय आणि ती सांगण्याचे साधन यांचा जो अभेद साधला आहे, तो पुढच्या भव्य दीर्घपटातही इतक्या निर्भेळ स्वरूपात आढळत नाही, असे माझे मत आहे. आणि ते मत वाचकांसमोर सप्रमाण मांडावे, एवढ्यासाठीच हा विस्तार.

प्रथम कथेविषयी. सावत्र आईच्या राज्यात चुलीजवळच्या राखेत दिवस काढणारी मुलगी, तिला लाभलेले अलौकिक साहाय्य, राजवाड्यातील नृत्य, हरवलेले पादत्राण आणि त्यावरून पटलेली ओळख, हा कथाबंध युरोपात फार जुना आहे. नेपल्सच्या बाझीलेने संग्रहित केलेला त्याचा पाठ 1634 मध्ये छापला गेला. फ्रान्समध्ये शार्ल पेरो याने 1697 साली त्याला दरबारी नजाकतीचा पोशाख चढवला, आणि भोपळ्याचा रथ, परी-धर्ममाता व काचेची सपाता हे जे तपशील आज जगभर रूढ आहेत, ते त्याच्याच लेखणीतून उतरले. याकोब आणि विल्हेल्म या ग्रिमबंधूंनी 1812 साली प्रसिद्ध केलेला जर्मन पाठ मात्र निराळ्या मातीचा आहे. तेथे परी नाही, भोपळा नाही. आईच्या थडग्यावर वाढलेले झाड आहे, त्यावर येऊन बसणारी पाखरे आहेत, आणि चपलेत पाय मावावा म्हणून स्वतःच्या पावलाचा तुकडा कापून टाकणाऱ्या सावत्र बहिणी आहेत. 1819 च्या दुसऱ्या आवृत्तीत तर कबुतरांनी त्या बहिणींचे डोळे टोचून काढल्याची शिक्षाही ग्रिमबंधूंनी समाविष्ट केली.

आपल्या मुलखालाही हा कथाबंध सर्वस्वी परका नाही. मुंबईचे गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांची कन्या मेरी फ्रियर हिने 1868 साली ‘ओल्ड डेक्कन डेज’ या नावाने दख्खनी कथांचा जो संग्रह प्रसिद्ध केला, त्यात सोदेवाबाईची एक कथा आहे. त्या राजकन्येच्या पायातील रत्नजडित सुवर्णपादुका डोंगरावरून घरंगळून अरण्यात पडते, ती एका राजपुत्राच्या हाती लागते, आणि पादुकेवरून तिच्या स्वामिनीचा शोध सुरू होतो. या कथा फ्रियरबाईंना सांगणारी ॲना लिबेराटा डिसूझा ही त्यांच्या पदरी असलेली आया होती, आणि ज्या मौखिक परंपरेतून तिने त्या उचलल्या, ती परंपरा आपल्या आज्यांच्याच मुखात नांदत होती. आमच्या कहाण्यांतील नावडती राणीदेखील, गुरांच्या वाड्यात राहून जाडेभरडे नेसणारी आणि अखेर देवाच्या कृपेने पदास चढणारी, राखेतल्या त्या मुलीची दूरची बहीणच म्हणावी लागेल. या नात्यावर मी अधिक भार देऊ इच्छित नाही. परंतु मराठी वाचक जेव्हा हा जर्मन छायापट पाहील, तेव्हा त्याला परक्याच्या उंबरठ्यावर उभे असल्यासारखे वाटू नये, इतपत आधार या नात्यात निश्चित आहे.

लोटे राइनिगर यांचा जन्म 2 जून 1899 रोजी बर्लिनलगतच्या शार्लोटनबुर्ग येथे झाला. कागद कातरून छायाकृती करण्याचा छंद जर्मनीत अठराव्या शतकापासून घराघरांत होता. पार्श्वमुद्रेवरून मनुष्याचा स्वभाव सांगता येतो, अशा श्रद्धेने लाव्हाटेरसारख्या विद्वानाने त्या छंदाला एक प्रकारची शास्त्रीय प्रतिष्ठाही मिळवून दिली होती. या मुलीच्या हाती मात्र तो छंद नव्हता, हुन्नर होता. लहानपणीच ती घरात छायाबाहुल्यांचा रंगमंच थाटून खेळ करून दाखवीत असे. पुढे पाउल वेगेनर या नटाचे, चित्रपटातील अद्भुताच्या सामर्थ्यावरील व्याख्यान तिने ऐकले आणि त्याच्याजवळ पोहोचण्याच्या एकमेव हेतूने माक्स राइनहार्ट यांच्या नाट्यशाळेत प्रवेश मिळवला. तेथे रंगमंचाच्या विंगेत उभी राहून ती कामात गुंतलेल्या नटांच्या छायाकृती कातरीत असे. वेगेनरची नजर या कसबावर पडली, त्याने आपल्या चित्रपटांतील शीर्षकपाट्यांसाठी तिच्याकडून आकृती करून घेतल्या; आणि 1918 च्या ‘हामेलनचा बासरीवाला’ या चित्रपटात उंदरांची झुंड काही केल्या हुकमात येईना, तेव्हा लाकडी उंदीर चौकटीचौकटीने सरकवून टिपण्याचे काम या मुलीवर सोपवले. निर्जीव वस्तूला गती देण्याचा तिचा पहिला धडा तो.

1919 साली बर्लिनमध्ये हान्स क्यूर्लिस यांच्या संस्कृतिसंशोधन संस्थेत तिला स्वतंत्र कामाची संधी मिळाली, आणि एका प्रेमी युगुलाची भावस्थिती अलंकरणाच्या रूपाने दर्शविणारा तिचा पहिला लघुपट त्याच वर्षी तयार झाला. तेथेच कार्ल कोख यांची भेट झाली. 1921 मध्ये दोघांचा विवाह झाला, आणि कॅमेऱ्याची व तांत्रिक सरंजामाची जबाबदारी कोख यांनी जी उचलली, ती आयुष्यभर निभावली. ‘आशनपुटेल’ हे या सहजीवनाच्या आरंभकाळातील अपत्य आहे. महायुद्धात पराभूत झालेल्या, चलनाचे मूल्य रोज घसरत असलेल्या त्या देशात एक तरुण स्त्री टेबलावर वाकून परीकथा कातरीत होती. हा पलायनवाद होता, असे म्हणणाऱ्यांनी तो चित्रपट बहुधा पाहिलेला नसावा.

आता त्या टेबलाविषयी थोडे तपशिलाने लिहिणे प्राप्त आहे, कारण या कलेचे अर्धे सौंदर्य तिच्या कृतीत आहे. टेबलाच्या मधोमध काचेचे तावदान बसवलेले असे आणि त्याखाली दिवे. काचेवर अर्धपारदर्शक कागदाचे एकावर एक थर पसरून पार्श्वभूमी रचली जाई, जेथे थर अधिक तेथे छटा गडद आणि जेथे कमी तेथे उजळ, त्यामुळे केवळ कागदाच्या जाडीतून दूरचे डोंगर, मधले वृक्ष आणि जवळची भिंत असे अंतराचे भान निर्माण होई. या भूमीवर आडव्या ठेवलेल्या बाहुल्या आणि वर, थेट खाली रोखलेला कॅमेरा. बाहुली काळ्या जाड कागदाची व पातळ शिशाच्या पत्र्याची. तिचे मस्तक, मान, धड, कंबर, दंड, मनगट, मांडी, पोटरी, पाऊल हे अवयव निरनिराळे कातरून बारीक तारेच्या सांध्यांनी जोडलेले. शिशाचा उपयोग असा की, त्याच्या वजनामुळे अवयव ठेवला तेथे स्थिर राहतो. बाहुली केसभर हलवायची, एक चौकट टिपायची, पुन्हा हलवायची, पुन्हा टिपायची. मूकपटाचा वेग सेकंदाला सोळा चौकटी इतका अल्प धरला, तरी पडद्यावरील एका मिनिटासाठी जवळपास हजार चौकटी लागतात; आणि फिल्म धुऊन येईपर्यंत हालचाल साधली की बिघडली, याची खातरजमा करण्याचा कोणताही मार्ग त्या काळी नव्हता. चित्रकार चुकलेली रेषा पुसू शकतो, लेखक मसुदा फाडू शकतो. येथे पंचविसाव्या चौकटीत हात थोडा अधिक सरकला, तर त्यापुढचा सारा ओघ त्या चुकीसह वाहत जाणार. राइनिगरबाईंच्या आकृतींच्या चालण्यात, वळण्यात, मान झुकवण्यात जी अखंड लय दिसते, ती या दृष्टीने पाहिली म्हणजे तिच्या मागील एकाग्रतेपुढे मस्तक नम्र होते.

चित्रपटाचा आरंभ पाहावा. पडद्यावर प्रथम येतात ते दोन हात आणि कात्री. काळा कागद फिरतो, कात्री चालते, आणि पाहता पाहता त्या कागदातून नायिका बाहेर येते. कथेचे निवेदन कात्रीच करणार आहे, असे हा चित्रपट प्रेक्षकाला प्रारंभीच सांगून टाकतो. यात कोणाला केवळ कौशल्याचे प्रदर्शन दिसेल; मला तो एक करार वाटतो. ‘हे सारे कागदाचे आहे, माझ्या हातांनी केलेले आहे, आता यावर विश्वास ठेवा,’ असा तो करार असून, पुढील काही मिनिटांत प्रेक्षक तो बिनतक्रार पाळतो. भ्रमाचे साधन उघड करून दाखवल्यानंतरही भ्रम टिकतो, एवढेच नव्हे तर दृढ होतो, हे कलेचे गूढ जितक्या सरळपणे येथे प्रत्ययास येते, तितके ते मी अन्यत्र क्वचितच अनुभवले आहे.

दुसरी लक्षात घेण्याजोगी गोष्ट म्हणजे चौकटींचे आकार. सर्वसाधारण चित्रपटात पडद्याचा आयत हीच चित्राची सीमा असते. येथे दृश्याभोवती काळ्या रंगाची, वेडीवाकडी, हाताने कातरल्यासारखी कड आहे आणि दृश्यागणिक ती बदलते. अंधाराच्या कागदात कात्रीने एक विवर पाडावे आणि त्यातून आत डोकावून पाहावे, तसे आपण ही कथा पाहतो. त्यामुळे एकटी मुलगी आणखी एकटी होते; राजवाड्याचा झगमगाटही अंधाराने वेढलेलाच राहतो. एका तरुण कलावतीने पडद्याच्या आयताची सक्ती झुगारून दिली, याचे महत्त्व तंत्रेतिहासाच्या अभ्यासकांनी अद्याप पुरेसे ओळखलेले नाही, असे मला वाटते.

कथेसाठी तिने पेरोचा दरबारी मार्ग सोडून ग्रिमबंधूंचा पाठ पत्करला, आणि या निवडीतच तिच्या प्रज्ञेची खूण आहे. मदतीला येणारे पक्षी, आईच्या थडग्यावरील वृक्ष आणि त्या वृक्षाने दिलेला वेष, या प्रसंगांत छायाकृतीला पूर्ण वाव आहे. फांद्यांचे जाळे, पंखांची पिसे, वस्त्राची झालर हे सारे कात्रीच्या टोकाला वश होणारे विषय. परंतु खरी कसोटी पुढे आहे. चपलेत पाय मावत नाही, तेव्हा सावत्र बहीण पावलाचा भाग छाटून टाकते. हा प्रसंग पेरोच्या पाठात नाही, आणि मुलांसाठी कथा सांगणारे बहुतेक निवेदक तो गाळतात. राइनिगरबाईंनी तो गाळला नाही. आणि अखेरीस जेव्हा सत्य उघड होते, तेव्हा संतापाने बेभान झालेली सावत्र आई डोक्यापासून पायापर्यंत फाटून तिचे सरळ दोन तुकडे होतात.

या दोन क्षणांकडे मी वाचकाचे लक्ष आग्रहाने वेधू इच्छितो. ज्या कात्रीने प्रारंभी नायिकेला जन्म दिला, त्या कात्रीचेच कर्म, कापणे, येथे क्रौर्याच्या रूपाने परत येते. कागदाच्या देहाला कापण्याखेरीज दुसरे भवितव्य नाही. तो कापूनच घडतो आणि कापूनच नष्ट होतो. नायिका घडली ती अनावश्यक कागद बाजूला पडल्याने. बहीण स्वतःला कापते ती दुसऱ्याच्या मापात बसण्याच्या हव्यासाने. आणि सावत्र आईला कोणी शिक्षा करीत नाही, तिचा द्वेषच तिला फाडतो. ग्रिमबंधूंच्या कबुतरांनी डोळे टोचण्यापेक्षा हा शेवट मला अधिक न्याय्य वाटतो. साधन आणि आशय यांचा अभेद असे जे मी प्रारंभी म्हटले, ते या अर्थाने. हा चित्रपट रंगरेषांच्या चित्रांनी केला असता, अथवा हाडामांसाच्या नटांकडून करवून घेतला असता, तर कथा कदाचित तीच राहिली असती. परंतु हा अर्थ तिच्यातून निघाला नसता.

छायाकृतीला मुखभाव नसतात, ही या कलेची उणीव मानली जाते. मला ती तिची शालीनता वाटते. नायिकेचे दुःख अश्रूंनी सांगता येत नाही म्हणून ते खांद्याच्या उतारातून सांगावे लागते. बहिणींचा तोरा भुवयांनी दाखवता येत नाही म्हणून तो हनुवटीच्या कोनात आणि चालीच्या ठुमक्यात साठवावा लागतो. परिणामी प्रेक्षकाला स्वस्थ बसता येत नाही. काळ्या आकृतीत चेहरा भरण्याचे काम त्याच्याकडे येते, आणि तो ते आपल्या अनुभवातून भरतो. आशियातील छायानाट्याच्या जुन्या परंपरांना हे रहस्य शतकानुशतके ठाऊक होते, आणि राइनिगरबाईंनी त्या परंपरांचा आदरपूर्वक अभ्यास केला होता. 1970 साली प्रसिद्ध झालेल्या छायानाट्य व छायापट यांवरील आपल्या ग्रंथात त्यांनी ते ऋण मान्य केलेले आहे. सिंधुदुर्गातील पिंगुळीच्या ठाकर कलावंतांनी चामड्याच्या बाहुल्यांचा जो खेळ जतन केला, तो ज्यांनी पाहिला असेल, त्यांना पडद्यामागील दिव्याच्या प्रकाशात एका निश्चल पार्श्वमुद्रेतून वीर आणि करुण कसे प्रकटतात, हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. भेद एवढाच की, तेथे बाहुली, हात आणि कंठ एकाच वेळी, प्रेक्षकांच्या सान्निध्यात काम करतात. येथे हात प्रारंभी दर्शन देऊन निघून जातो आणि बाहुली एकटीच चालू लागते.

ॲनिमेशनच्या इतिहासात 1922 हे वर्ष आणखी एका कारणाने लक्षणीय आहे. त्याच वर्षी अमेरिकेतील कॅन्सस सिटी येथे वॉल्ट डिस्ने नावाचा एक तरुण आपल्या लहानशा कंपनीसाठी परीकथांवर मूक व्यंगचित्रपट करीत होता, आणि त्यांत सिंड्रेलाही होती. दोघांनाही एकमेकांची वार्ता नव्हती. डिस्नेची ती कंपनी पुढच्याच वर्षी दिवाळखोरीत गेली, तो हॉलिवूडकडे रवाना झाला, आणि पुढील इतिहास सर्वश्रुत आहे. त्या यशाच्या प्रकाशात राइनिगरबाईंचा मार्ग आडवाट ठरला. वास्तविक तो तितकाच प्रशस्त मार्ग होता, फक्त त्यावर कारखाना उभा राहणे शक्य नव्हते, कारण तो एका व्यक्तीच्या बोटांवर अवलंबून होता. निर्जीवाला गती देण्याच्या या विद्येत आपला देशही अगदीच मागे नव्हता, हे येथे अभिमानाने नमूद करतो: दादासाहेब फाळके यांनी 1915 च्या सुमारास ‘आगकाड्यांची मौज’ या लघुपटात काड्यांकडून पडद्यावर आकृती करवून घेतल्या होत्या. तो धागा आपल्याकडे पुढे कोणी चिकाटीने चालवला नाही, याची खंत वाटते.

पुढील चरित्र मी थोडक्यात सांगतो, कारण त्याचा विस्तार या ग्रंथाच्या अखेरच्या प्रकरणात येणार आहे. लुई हागेन या पेढीवाल्याने चलनफुगवट्यात पैसा बुडू नये म्हणून कच्ची फिल्म खरेदी करून ठेवली होती. तिचा विनियोग म्हणून त्याने राइनिगरबाईंपुढे दीर्घपटाची तजवीज मांडली, आणि पॉट्सडाम येथील त्याच्या गॅरेजवरील माळ्यावर 1923 ते 1926 अशी तीन वर्षे काम करून राजपुत्र आहमद सिद्ध झाला. आज उपलब्ध असलेल्या दीर्घ ॲनिमेशनपटांतील तो सर्वांत जुना. नाझी राजवट आल्यावर या दांपत्याने देश सोडला, परंतु कोणत्याही देशाचा कायम परवाना न मिळाल्याने अनेक वर्षे मुलूख बदलत काढावी लागली; आजारी आईच्या शुश्रूषेसाठी युद्धाच्या अखेरच्या काळात बाई बर्लिनला परतल्या, आणि 1949 मध्ये दोघे लंडनला स्थायिक झाले. तेथे दूरदर्शनासाठी त्यांनी परीकथांवर बरेच लघुपट केले, ज्यांत सिंड्रेला पुन्हा एकदा अवतरली. तो पाठ सफाईदार आहे, गोड आहे, निवेदकाचा आवाज मुलांना हाताला धरून नेतो. पण 1922 ची धार त्यात नाही. 19 जून 1981 रोजी जर्मनीत डेटेनहाउझेन येथे त्यांचे देहावसान झाले. अखेरच्या वर्षांपर्यंत कात्री त्यांच्या हातून सुटली नव्हती.

पुढील प्रकरणांत या छायापटाचे दृश्यानुक्रमे विवेचन केलेले आहे. त्याबाबत वाचकांना एक विनंती करून ही प्रस्तावना पुरी करतो. विवेचन वाचण्याआधी चित्रपट एकदा पाहावा, आणि तो शक्यतो पार्श्वसंगीत बंद करून पाहावा. कारण आज प्रचारात असलेल्या प्रतींवर मागाहून चढवलेले संगीत आकृतींच्या मूळ लयीवर आपला ठेका लादते आणि नजरेचे लक्ष विचलित करते. दुसऱ्या वेळी हवे तर संगीतासह पाहावा. घरातील मुलांनाही अवश्य सोबत घ्यावे, मात्र पाऊल कापण्याचा प्रसंग त्यात आहे, हे वडीलधाऱ्यांनी ध्यानात ठेवावे आणि अगदी लहान मुलांना त्याची आधी कल्पना द्यावी.